मालकाच्या रोटावरचं मीठ

ताल्मेरच्या मिठागरात ओदेनाच्या वाटेला कुणी जात नसे. बाई वाईट नव्हती, पण राग सदा नाकावर. पहारही अशी हाणायची, जणू खालच्या मिठानंच तिचं काही घोडं मारलंय. नवरा गेल्यापासून ही अशी झाली, असं शेजारणी म्हणत. खोटं होतं ते. ती आधीपासूनच तशी होती. तिचा नवरा केलिम तेवढा तिला हसवून गप्प करायचा.

केलिम गेला तो मालकाच्या, बारहूशच्या हट्टापायी. दक्षिणेकडचा मिठाचा थर खालून पोकळ झालाय, त्यावर माणूस घालू नका, असं त्यानं मालकाला तोंडावर सांगितलं होतं. बारहूशनं मुद्दाम त्यालाच पाठवलं. थर फुटला, केलिम खाली गेला, आणि संध्याकाळपर्यंत गावभर झालं की तो पिऊन कामावर आला होता. बारहूश तसं म्हणाला होता, आणि त्याच्या जिवावर जगणारं अख्खं गाव मूग गिळून बसलं.

मग ओसामचा सण आला. ताल्मेरात मेलेलं माणूस लगेच जात नाही. ओसामपर्यंत मिठागराच्या कडेला, घराकडे तोंड करून, पांढऱ्या धुक्यासारखं उभं राहतं. त्या दिवशी घरचे लोक त्याच्या नावाचा परातीएवढा गोड रोट भाजून मिठाच्या देवीच्या, नुर्मामायच्या ओट्यावर आणतात. मेलेल्यानं ज्याचं वाईट केलं असेल त्यानं पुढे यायचं, काय केलं ते मोठ्यानं सांगायचं आणि रोटावर मीठ घालायचं. मग सूर्य बुडायच्या आत घरच्यांनी तो रोट संपवायचा. संपला की मेलेला सुटला. उरला तर तो कायमचा तिथेच.

केलिमच्या रोटावर मीठ घालायला एकच माणूस उठला, तो बारहूश. या दारुड्यानं माझं मिठागर नासवलं, म्हणाला, आणि ओंजळ रिकामी केली. तो रोट ओदेनानं आणि तिच्या मुलीनं खाल्ला. मुलगी ओकायची आणि पुन्हा खायची. ओदेना एक शब्द बोलली नाही, कारण भांडत बसली असती तर सूर्य बुडाला असता.

यंदा बारहूश मेला. ओदेना कामावर जाई तेव्हा तो कडेला उभा दिसे, आणि ती रोज त्याच्याकडे बघून थुंके.

ओसामला ती मूठभर मीठ घेऊन ओट्याशी गेली, आणि तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. रोटाभोवती बारहूशच्या घरचं कुणी नव्हतंच. मुलगा तेझान लांब सावलीत बसला होता. रोट खायला त्यानं मिठागरातली माणसं मजुरीवर आणून बसवली होती, आणि त्यांत केलिमचा धाकटा भाऊ रुझालही होता. मोठ्या घरांना माय एवढी सूट देते, असं पुजारी ज्याला त्याला समजावत होता.

"तू इथं काय करतोस रे?" ओदेनानं दिराला विचारलं.

"घरात पीठ नाही, वहिनी," रुझाल मान न उचलता म्हणाला. "तू घाल मीठ. तुझ्या हातचं खारट मी काय पहिल्यांदा खातोय?"

बाकीचे हसले. ओदेनाला त्यांच्या मुस्काटात द्यावीशी वाटली. मीठ घातलं तर ते रुझालच्या पोटात जाणार, नाही घातलं तर बारहूश गोड तोंडानं सुटणार. चोर सोडून संन्याशाला फाशी, आणि ती हिच्या हातून.

तिनं केलिमचं सगळं मोठ्यानं सांगितलं. मग मूठ आवळली आणि रोटासमोर बसकण मारली. गाऱ्हाणं सांगून झालं की मीठ पडेपर्यंत रोट मोडता येत नाही, हे मायचंच सांगणं. त्याचा असा वापर आजवर कुणी केला नव्हता.

"घाल बाई, उन्हं कलली," पुजारी म्हणाला.

"घालते की. ज्याचा बाप आहे त्याला बसवा."

तेझाननं आधी निरोप धाडले. हलकं काम देतो, मुलीचं लग्न लावून देतो. ओदेनानं निरोप्याकडे पाहिलंसुद्धा नाही. सूर्य मिठापासून हातभर वर उरला तेव्हा तेझान स्वतः उठून आला. बाप कायमचा स्वतःच्याच मिठागराच्या कडेला उभा, आणि येणारेजाणारे थुंकताहेत, हे त्याला परवडणारं नव्हतं. त्यानं मजुरांना उठवलं आणि मांडी घालून बसला.

"घाल," तो म्हणाला.

"आधी सांग. केलिम प्यायला होता?"

"मला काय माहीत?"

"त्या सकाळी पहार तूच दिलीस ना त्याच्या हातात?"

तेझाननं पुजाऱ्याकडे पाहिलं. पुजारी दुसरीकडे बघत होता.

"नव्हता प्यायला," तो पुटपुटला.

"मला माहितीये. गावाला सांग."

त्यानं सांगितलं. मग तिनं पुन्हा सांगायला लावलं, मागच्यांना ऐकू जाईल असं. रुझाल रडत होता. "झालं, वहिनी," तो म्हणाला, "आता टाकून दे ते मीठ खाली."

ओदेनानं मूठ रोटावर उघडली. एक कणही सांडू न देता सगळं मीठ तळव्यानं आत दाबलं.

"ते सांगणं केलिमसाठी होतं," ती तेझानला म्हणाली. "हे माझ्या पोरीसाठी. खा."

तो ओकला, पुन्हा खायला लागला. रोट संपेपर्यंत ओदेना त्याच्या समोरून हलली नाही.