काकांचे जर्मन हात

जर्मन टीव्हीवर एखादा खुनी पियानो वाजवताना दिसला, की खुशाल समजावं, ते हात माझ्या चुलत सासऱ्यांचे. इंग्लंडमधल्या रीडिंग गावात राहून कचऱ्याच्या डब्यांवरून कौन्सिलला नेमानं पत्रं पाठवणाऱ्या या सज्जन माणसानं तिकडे किती जणांना यमसदनी धाडलं, याला गणती नाही. चेहरा मात्र कुणी पाहिलेला नाही. नटांना पियानो येत नसे, म्हणून जवळून दाखवायचे हात काकांचे. पण नट गोरेपान, काकांचे हात गव्हाळ. त्यामुळे त्यांच्या वाट्याला काळे हातमोजे घालणारेच यायचे: खुनी, आणि मधूनच एखादं भूत.

सवय अशी जडली, की घरीही काका ते पातळ कातड्याचे मोजे घातल्याशिवाय पियानोला शिवत नसत. नातीच्या वाढदिवसाचं गाणं त्यांनी हौसेनं वाजवलं, तर सगळी पोरं आयांच्या मागे लपली आणि केक कापायला कुणी पुढे येईना. लंडनच्या ट्रेनमध्ये त्यांची बोटं मांडीवर चालू लागली, की शेजारचा माणूस हळूच जागा बदलायचा. एका दुपारी मी डबा द्यायला गेले, तर काका खुर्चीत चक्क घोरत होते आणि मोज्यांतली बोटं पोटावर अख्खी धून वाजवत होती. माझी पाचावर धारण बसली. मी हाक मारली. डोळे न उघडताच काका म्हणाले, "अगं, मी झोपलोय. त्यांची प्रॅक्टिस चाललीय." बोटं थांबली नाहीत.

हे सगळं हसण्यावारी जायचं, ते काकूंना विसरायला होऊ लागेपर्यंत. आधी चष्मा, मग नातीचं नाव, आणि मग काकाच. पियानो सुरू झाला, की त्या स्वयंपाकघराचं दार लावून मला फोन करत: घरात तो मोजेवाला शिरलाय, हे जर्मनीला गेलेत, त्यांना बोलावून घे. काकांना मोजे काढायचा धीर होईना. उघड्या हातांनी वाजवून त्यांना वर्षं लोटली होती. त्या हातांत आता काही उरलंच नसेल, आणि काकूंनी तेही ओळखले नाहीत तर पुढे काय, ही त्यांची भीती.

एका रविवारी काकू कोट चढवून दाराशी गेल्या. हे येतील, स्टेशनवर जाते, म्हणाल्या. मी त्यांना कसंबसं अडवलं. काकांनी एकदा माझ्याकडे पाहिलं आणि मोजे ओढून काढले. आतले हात फिकुटलेले, सुरकुतलेले, मला पाहवेना. लग्नानंतर काकूंना ऐकवायचे, ती साधी चाल त्यांनी धरली. बोटं अडखळली, सूर चुकले, मध्येच सगळं थांबलं. मला रडूच आलं. काकू वळल्या आणि कोटासकट त्यांच्या शेजारी टेकल्या.

"अहो, कधी आलात?"

"आत्ताच," काका म्हणाले.

जर्मनीची कामं त्यांनी बंद केली आहेत. काकू रोज तेच विचारतात, आणि काका रोज आत्ताच आलेले असतात.