इसोगाईच्या ग्लोव्हमधला आवाज

तोशिआकी कादोवाकीच्या चेंडूचा आवाज नदीपलीकडच्या रस्त्यावर ऐकू येतो, असं एके काळी त्याच्या बेसबॉल क्लबातले लोक म्हणायचे. सरावाच्या शेडचे पत्रे जुने होते, त्यामुळे आवाज घुमायचा हे खरं. पण चेंडू फेकणाऱ्या सगळ्याच पिचरांचा तसा घुमायचा नाही. फाट् करून चेंडू कॅचरच्या ग्लोव्हमध्ये बसला की कादोवाकीचा ऊर भरून यायचा. मग मैदानावर समोर कोण बॅट घेऊन उभा आहे, याची त्याला फिकीर नसायची.

तो मूळचा तोत्तोरीचा, नाशपतीच्या बागायतदाराचा मुलगा. जूनमध्ये घरातली सगळी माणसं शिडीवर चढून एकेका कोवळ्या फळाला कागदी पिशवी बांधायची. तोशिआकी मात्र गोदामाच्या भिंतीवर चेंडू मारत राहायचा. वडील वैतागायचे. आई म्हणायची, “मारू दे. भिंत आपलीच आहे.” पुढे शाळेच्या संघातून त्याची व्यावसायिक क्लबात निवड झाली, तेव्हा त्याच वडिलांनी बागेतली उरलीसुरली फळं गावभर वाटली.

क्लबात पहिल्या दिवशी त्याचे चेंडू झेलायला बसला तो इसोगाई. वयानं थोडा मोठा. कॅचर म्हणूनच तो क्लबात आला होता, पण बॅट काही चालली नाही. खेळाडूंतून नाव गेलं आणि क्लबानं त्याला सरावात चेंडू झेलायच्या कामावर ठेवून घेतलं. सामन्यात त्याला उतरायचं नसे. सामन्याआधी पिचरचा हात मोकळा करून द्यायचा आणि त्याला खुशीत मैदानात पाठवायचं, एवढंच त्याचं काम.

“कादो, जरा दमानं. हात सुजला माझा,” सराव संपला की इसोगाई म्हणे.

“मग घरी जाऊन वहिनींकडून शेकून घ्या, इसोगाईसान.”

“ती म्हणते, ज्यानं सुजवला त्याच्याकडेच जा.”

कादोवाकीची चांगली वर्षं आली. वर्तमानपत्रांत फोटो आले, चिनात्सुशी लग्न झालं, मुलगी झाली. मग खांद्याची शस्त्रक्रिया झाली. परत आला तेव्हा वेग कमी झाला होता. तो त्यानं डोकं लढवून भरून काढला. हळूहळू पहिल्या संघातून क्लबाच्याच दुय्यम संघात आला, आणि पुन्हा त्या नदीकाठच्या शेडमध्ये चेंडू फेकू लागला. इसोगाई तिथेच होता. आवाजही तोच होता.

यंदा सप्टेंबरात क्लबाच्या व्यवस्थापकांनी त्याला बोलावून घेतलं. चहा पुढे केला आणि सरळच सांगितलं, “आता थांबलात तर मोसमाच्या शेवटच्या सामन्यात मैदानावरून निरोप देऊ. पुढे तरुण पिचरांना शिकवायचं काम आहे. खेळायचंच असेल तर मात्र आम्ही तुम्हाला मोकळं करतो, दुसरा क्लब बघा. आठवड्याभरात सांगा.”

घरी चिनात्सु गावाहून आलेली नाशपती सोलत होती.

“हात म्हणतो, अजून एक वर्ष,” कादोवाकी म्हणाला. “आज सरावातला आवाज ऐकला असतास ना.”

“मग परवा त्या पोरांनी तुला एवढा झोडपला कसा?”

“तो दिवसच तसा होता.”

“हल्ली बरेच दिवस तसेच असतात.” तिनं फोड त्याच्यापुढे धरली. “खेळायचं तर खेळ, मी सामान बांधीन. फक्त नीट विचारून घे स्वतःला.”

दुसऱ्या दिवशी शेडमध्ये दोघंच होते. चार-सहा चेंडू झाले. फाट्. फाट्. इसोगाईनं ग्लोव्ह काढून तर्जनी चोळली. ती मेणासारखी पांढरी पडली होती. हिवाळ्यात चहाचा पेला धरतानाही तो हे बोट बाजूला ठेवायचा. कादोवाकीनं ते वर्षानुवर्षं पाहिलं होतं, सवय असेल म्हणून सोडून दिलं होतं.

चेंडू तळव्यात, तर्जनीच्या मुळाशी घेतला की कडकडीत वाजतो, हे प्रत्येक पिचरला माहीत असतं. ग्लोव्हच्या अंगठ्याजवळच्या जाळीत घेतला की हाताची मदत मिळत नाही; चेंडूत दम असेल तेवढाच वाजतो. कादोवाकीलाही माहीत होतं. पण गोड लागतं त्याची चौकशी कोण करतो?

“इसोगाईसान, आज माझ्यावर राग आहे असं समजून झेला.”

“रागाला काहीतरी कारण हवं.”

“मागे तुमच्या डब्यातला तळलेला मासा गेला होता. तो मी खाल्ला.”

“तो तू होतास होय? मी क्लबातल्या बिचाऱ्या धोब्याशी महिनाभर बोललो नाही.” इसोगाई हसला, मग हसायचा थांबला. “कादो, खरंच म्हणतोस?”

“खरंच.”

त्यानं जीव ओतून चेंडू फेकला. इसोगाईनं तो जाळीत घेतला. थप्प. ओल्या गादीवर हात मारावा तसा. पुन्हा फेकला, खांदा कळवळला. थप्प. पत्रे गप्पच राहिले.

दोघं बाकावर बसले.

“कधीपासून असा आवाज काढून देताय?”

“खांद्यानंतर थोडं थोडं. गेल्या वर्षापासून जरा जास्त.”

“सांगितलं का नाही?”

“सांगितलं असतं तर तू मैदानात भीत भीत गेला असतास. माझं काम पाठवायचं आहे, अडवायचं नाही.”

कादोवाकीला राग यायला हवा होता. तो यायच्या आत त्याची नजर इसोगाईच्या हाताकडे गेली.

“या दोन चेंडूंना दुखला नसेल.”

“नाही. तेवढाच आराम मिळाला त्याला.”

तेव्हा त्याला कळलं, की आपला जो आवाज आपण मिरवत होतो, तो या बोटातून निघत होता. त्यानं ते थंडगार बोट मुठीत धरलं आणि बराच वेळ चोळत राहिला. इसोगाईनं हात काढून घेतला नाही.

दुपारी कार्यालयात जाऊन त्यानं थांबतो म्हणून सांगितलं, मग घरी फोन केला.

“विचारलंस स्वतःला?” चिनात्सुनं विचारलं.

“नाही. इसोगाईसानच्या हाताला विचारलं.”

शेवटच्या सामन्याला आई तोत्तोरीहून आली, चिनात्सु आणि मुलीच्या शेजारी बसली. एकाच बॅटरला चेंडू टाकायचे, असं ठरलं होतं. मोठ्या मैदानामागच्या सरावाच्या जागेत इसोगाई मुखवटा चढवून उकिडवा बसला.

“जाळीत घ्या,” कादोवाकी म्हणाला. “बोट जपा.”

“चेंडू कुठं घ्यायचा ते मला शिकवू नकोस. टाक.”

फाट्.

बाकीचे पिचर वळून बघू लागले. पुन्हा टाकला, पुन्हा फाट्. बाहेर त्याचं नाव पुकारलं गेलं. इसोगाईनं ग्लोव्ह काढून हात झटकला.

“हात सुजला रे माझा, कादो.”

पंचांपुढे, प्रेक्षकांपुढे, मैदानापुढे कादोवाकी आयुष्यभर वाकला होता. या माणसापुढे वाकायचं त्याला कधी सुचलं नव्हतं. त्यानं टोपी काढली आणि कमरेत खोल वाकला. मग टोपी घालून दिव्यांच्या उजेडात धावत गेला. चेंडूत दम उरलेला नाही, हे त्याला आता पक्कं माहीत होतं. पण कानात तोच आवाज होता, आणि पाय अगदी स्थिर होते.