शीलाच्या चाळीस पिशव्या

बोरी अरबजवळच्या शीलाच्या कृषी पर्यटन केंद्रावर लोक यायचे ते हुरड्यासाठी. सासूने जपलेली ज्वारी होती ती. कणीस भाजून मुठीत चोळलं की दाणा आपसूक मोकळा, अन् गोड. पण शेजारच्या संजयने चाऱ्यासाठी संकरित ज्वारी पेरायला घेतली आणि वाऱ्याने तिचा पराग इकडे आणला. चार-पाच हंगामांत दाणा चिवट झाला. पाहुणे तोंडावर वा वा करायचे आणि अर्धा हुरडा पानात टाकून उठायचे. शीलाचा जीव जळायचा.

कृषी विद्यापीठातल्या एका बाईंनी तिला आनुवंशिकतेचं गणित समजावलं. फुलोऱ्याआधी निवडक कणसांवर कागदी पिशव्या बांधायच्या, म्हणजे परका पराग शिरत नाही. त्यांचंच बी पेरायचं, पुन्हा निवडायचं, पुन्हा बांधायचं. तीन वर्षं शीला स्टुलावर चढून पिशव्या बांधत होती.

"वहिनी, ज्वारीले टोप्या काहून घालून राह्यल्या?" संजय बांधावरून विचारायचा. हसतो तर हसू दे मेला! यंदाच्या चाळीस कणसांचं बी पुढच्या वर्षी सगळ्या हुरड्याला पुरणार होतं. मागच्या वर्षीचं सगळं बी तिने पेरून टाकलं होतं.

रविवारी नागपूरची मंडळी आली. शीला भाकरी थापत होती, तोवर मंडळी फोटो काढायला थेट पिशव्यांच्या ओळींत शिरली. फुलोरा ऐन भरात. ती पिठाच्या हातांनी धावली.

"ताई, आत काय आहे म्हणून काही उघडून पाहिल्या हं," एक बाई म्हणाल्या. "पण जशाच्या तशा बांधून ठेवल्या."

"कोणत्या?"

"आता कसं सांगू? सगळ्या सारख्याच दिसतात. पाच असतील. नाही, दहा."

शीलाने चाळीसही गाठी तपासल्या. शहरातल्या माणसांना एवढ्या नीट गाठी मारायला कोणी सांगितलं होतं! उघड्या टाकल्या असत्या तरी तेवढी कणसं सोडून बाकीचं बी धरता आलं असतं. भीक नको पण कुत्रा आवर, अशी गत झाली.

पाहुणे गेल्यावर तिने विळा घेतला आणि पिशव्यांसकट कणसं कापायला लागली. नवरा अश्वजित धावत आला.

"अवं, तीस तरी चांगली असतीन त्यातली!"

"असतीन ना," ती न थांबता म्हणाली. "कोणती, थे सांगा."