बसच्या रांगेवरचं स्किट

मंडळी, आज दुपारी बर्मिंगहॅमला आपल्या दिवाळी कार्यक्रमाची तालीम झाली. टीव्हीवरच्या विनोदी स्केचसारखं स्किट मी लिहिलंय. बसस्टॉपवर रांगेतले सगळे इंग्रजी शिष्टाचार पाळत एकमेकांना "सॉरी, आधी तुम्ही" म्हणत राहतात आणि बस निघून जाते.

आपल्या मराठी मंडळाचे अध्यक्ष काका म्हणाले, "अगं, कौन्सिलचे इंग्रज पाहुणे येणारेत. त्यांची चेष्टा कशाला? सासू-सुनेवर कर काहीतरी!"

मी जरा चरकले. खरंच आगाऊपणा होतोय का? पण इथल्या टीव्हीवर इंग्रज लोक स्वतःची याहून जास्त सालटी काढतात.

"काका, त्या रांगेत रोज मीही असते. हेच स्किट होईल, नाहीतर मी नाही."

काका म्हणाले, "हट्टी आहेस!"

आहेच. ब्रिटिश पासपोर्ट मिळाला, तरी इथल्यांवर हसायला आपण अजून कुणाची परवानगी मागतोय?