अर्ध्या श्वासाचा उशीर

कारखान्याच्या शेडमध्ये तिला सगळे घार म्हणायचे. छपराखाली दोन्ही भिंतींवरच्या रुळांवरून धावणारी मोठी क्रेन, आणि त्या क्रेनला टांगलेल्या काचेच्या केबिनमध्ये ही बसलेली. खाली वेल्डर आणि फिटर ठिणग्यांच्या धुरात कामाला जुंपलेले, आणि वरून हिची नजर साऱ्यांवर. ‘बाई आणि क्रेन?’ असं म्हणून सुरुवातीला नाकं मुरडणारेच पुढे अवघड उचल आली की म्हणायला लागले, ‘घारीला बसवा, ती लोखंडाला अलगद निजवते.’ आणि ते खोटं नव्हतं. हुकाला लटकलेलं ओझं झोके घ्यायला लागलं की भले भले घाबरतात. ती झोक्याच्या मागोमाग क्रेन नेमक्या क्षणी जराशी सरकवायची, आणि कडेवर घेतलेलं पोर रडायचं थांबावं तसं ते ओझं गप्प व्हायचं.

एका सकाळी तिचा नवरा बुटाची नाडी बांधता बांधता पुढे कलला तो परत उठलाच नाही. शाळेची व्हॅन चालवायचा, बडबड्या माणूस. घरात त्याच्याच आवाजाची सवय. तो आवाज गेला आणि तिची झोपही गेली. डॉक्टरांनी गोळी दिली. ‘आठवडाभर घ्या, मग बंद,’ म्हणाले. आठवडा संपला, गोळी संपली नाही. एकीच्या दोन झाल्या. कोपऱ्यावरचा औषधवाला ती पायरी चढताना दिसली की न विचारता पाकीट काढून ठेवायचा.

पहिल्यांदा लेकीच्या लक्षात आलं. आई भाजी चिरताना मध्येच थांबते. काही विचारलं की उत्तर येतं, पण परदेशातून फोनवर बोलावं तसं, मध्ये पोकळी ठेवून. चालही बदलली होती, पायात ओली वाळू भरल्यासारखी. नातेवाईक म्हणाले, दुःख आहे, ओसरेल. तिलाही तसंच वाटत होतं.

मग तो दिवस आला. जाडजूड प्लेट उचलून खांबाजवळ ठेवायची होती. खाली मामा होते. ओझ्याला साखळ्या लावणारे आणि हाताच्या खुणांनी तिला वाट दाखवणारे ते म्हातारे गृहस्थ सगळ्या शेडचेच मामा होते. त्यांनी मूठ वर केली. म्हणजे थांब. तिने मूठ पाहिली, स्वच्छ पाहिली. थांबायचं, हेही तिला कळलं. पण हात लिव्हरवर तसाच राहिला, दुसऱ्याच कुणाचा असल्यासारखा. अर्ध्या श्वासाचा उशीर. तेवढ्यात प्लेटचा कोपरा पुढे गेला आणि खांबापाशी ठेवलेला रंगाचा ड्रम पापडासारखा चेपला. मामा त्या ड्रमपाशीच उभे होते; पडलेला हातमोजा उचलायला ते नेमके त्याच घटकेला बाजूला झाले होते.

लाल रंग सगळीकडे पसरला. रक्त नाही, रंगच आहे, हे पाहून लोक सुटकेने हसले. ‘ड्रम इथे कुणी ठेवला?’ म्हणून साहेबांनी आरडाओरडा केला, आणि दोष ड्रमच्या माथी गेला. मामांनी मात्र मान वर करून केबिनकडे पाहिलं.

शिडी उतरून ती नळापाशी गेली. मामा हातावरचा रंग चोळून काढत होते.

“ब्रेक घसरला असेल,” ते म्हणाले.

“ब्रेक ठीक आहे मामा. मी घसरले.”

“होतं कधीतरी. घरात तू एकटी कमावणारी. तोंड बंद ठेव. मी काही बोलणार नाही.”

“तुम्ही बोलणार नाही, म्हणून तर मला बोलायला हवं. उद्या तिथे ड्रम नसेल.”

मामांनी नळ बंद केला. ओले हात सदऱ्याला पुसत ते बाजूला झाले.

साहेबांना हे ऐकायचंच नव्हतं. काम तुंबलेलं, दुसरा ऑपरेटर नवखा. “दोन दिवस आराम करा आणि या,” ते म्हणाले. तिने केबिनची किल्ली टेबलावर ठेवली. “माझा हात माझं ऐकत नाही, साहेब. ऐकायला लागला की मागून घेईन. तोवर खाली काय पडेल ते काम द्या.” साहेबांनी नाइलाजाने किल्ली खणात टाकली. शेवटी म्हणाले, “मामांच्या हाताखाली जा.”

हात परका झाला तो गोळ्यांमुळेच, हे तिने ओळखलं होतं; घरी जाऊन तिने उरलेल्या सगळ्या गोळ्या गटारात ओतल्या. एक घाव दोन तुकडे. पण काही दिवसांतच अंगाला कापरं भरलं, घामाने कपडे भिजले, कातडीखालून मुंग्या चालायला लागल्या. हातातला कप निसटून फुटला तेव्हा लेकीने तिला दंडाला धरून इस्पितळात नेलं. दारावर ‘मनोविकार विभाग’ वाचून ती तिथेच अडली.

“मी वेडी नाही.”

“नाहीच आहात,” आतून डॉक्टरीणबाई म्हणाल्या. “उतावळ्या आहात. जिना असताना खिडकीतून उडी मारलीत. अशी गोळी एकदम तोडली की फिटसुद्धा येऊ शकते. बसा.”

बाईंनी फूटपट्टी घेतली. तिच्या उघड्या चिमटीत वरून धरली आणि न सांगता सोडली. चिमूट मिटायच्या आत पट्टी जमिनीवर खणकली. पुन्हा एकदा. पुन्हा खणखणाट. पट्टीच्या आवाजाने तिचे डोळे भरून आले. नवऱ्याच्या वेळीही भरले नव्हते इतके.

“डोळ्यांनी बघायचं, मनाने ठरवायचं, हाताने करायचं,” बाई म्हणाल्या. “आपल्याला हे एकच वाटतं, पण मध्ये वाट असते. गोळीने ती लांबवली. आणि गोळीच्या आधीपासून मनही आजारी आहे तुमचं. मन जड झालं की हातपाय जड होतात. तो आळस नाही. दोन्हीवर उपाय आहे, पण सावकाश. सावकाश जमेल?”

“मला जोरात जमतं. सावकाश शिकावं लागेल.”

गोळी कणाकणाने कमी होत गेली. मनासाठी वेगळं औषध सुरू झालं. सकाळी ठरल्या वेळी उठणं, चालणं, आणि बाईंशी बोलणं. शेडमध्ये ती मामांबरोबर साखळ्या तपासायची, ओझी बांधायची. ‘घारीची कोंबडी झाली,’ एका फिटरने टोमणा मारला. ती म्हणाली, “कोंबडी दाणे तरी नीट टिपते. तुझा नट बघ, अर्धाच बसलाय.”

इतकी वर्षं तिने ओझी वरून पाहिली होती. आता डोक्यावरून प्लेट जाताना तिची थंड सावली मानेवरून सरके. मामा रोज या सावलीत उभे राहत होते, निव्वळ तिच्या भरवशावर.

मधले काही आठवडे फार वाईट गेले. झोप पुन्हा रुसली. एका संध्याकाळी पाय आपोआप औषधाच्या दुकानाकडे वळले. औषधवाल्याने सवयीने पाकीट काढून ठेवलं. तिने ते बोटाने मागे सरकवलं.

“आत ठेवा. आणि यापुढे चिठ्ठीशिवाय मला हे दिलंत, तर मी तुमच्या पायरीवर बसून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगेन.”

तो ओशाळला. रिकाम्या हाताने परतायला नको म्हणून तिने एक कंगवा घेतला. घरी आल्यावर तोच कंगवा हातात धरून ती नवऱ्यासाठी रडली, मनसोक्त, लेकीच्या मांडीवर डोकं ठेवून. गोळीने दुःखाला नुसतं गुंगवलं होतं. ते जागं झालं, आणि तिला सोसलं.

मायलेकी रोज पट्टीचा खेळ खेळायच्या. आधी पट्टी पडायचीच. मग टोकाला सापडायला लागली, मग मध्यावर. लेक फसवून सोडायची तरी सापडायची.

डॉक्टरीणबाईंनी हिरवा कंदील दाखवला, तरी तिने स्वतःच परीक्षा मागितली. काठोकाठ भरलेली पाण्याची बादली हुकाला लावून सगळ्या खांबांमधून फिरवायची आणि परत आणून ठेवायची. पहिल्या खेपेला वळणावर पाणी हिंदकळलं. जमिनीवर ओली रेघ उमटली.

“एवढं चालतं हो!” साहेब म्हणाले. “उद्यापासून चढा.”

“नाही चालत. पुढच्या महिन्यात बघू.”

साहेबांनी कपाळाला हात लावला. पण पुढच्या महिन्यात बादली फिरून आली तेव्हा मामा गुडघ्यावर वाकले, जमीन हाताने चाचपली आणि वर ओरडले, “दाढी भिजवायलाही पुरायचं नाही एवढंसं सांडलंय! ये खाली, चहा पाजतो.”

ती पुन्हा वर बसली. पूर्वीचा झपाटा आला नाही. आता ओझं हलवण्याआधी ती एक क्षण थांबते, खालच्या प्रत्येकाला नजरेने हेरते, मगच लिव्हरला हात लावते. घाईच्या वेळी साहेब खालून हात नाचवतात. मग ती खिडकी उघडून विचारते, “तुम्ही येता का वर?”

एकदा तो नवखा ऑपरेटर सर्दीने बेजार होऊन आला. शिडीपाशी घुटमळला आणि म्हणाला, “ताई, सर्दीची गोळी घेतलीय. डोळे मिटताहेत. पण साहेबांना काय सांगू?”

“हेच सांग. मी येते बरोबर.”

दोघं मिळून साहेबांच्या टेबलाकडे निघाली.