साडूभाऊंची कप्तानबाई

सोलापुरात कॉमिक्स वाचणाऱ्या सगळ्यांत वयस्कर माणसाचा शोध कुणी घेतलाच, तर पहिला नंबर आमच्या साडूभाऊंचा लागेल, आणि दुसऱ्या नंबरच्या माणसाला ते त्याच दिवशी गाठून 'तुमी कितव्या भागावर हाय?' असं विचारतील, याबद्दल माझ्या मनात तिळमात्र शंका नाही. माणूस बायको बघायला जातो, साडू आपोआप पदरात पडतो. माझ्या पदरात पडलेला हा ऐवज एका सरकारी कचेरीत आवक-जावकच्या टेबलावर उभं आयुष्य काढून नुकताच निवृत्त झाला. कडक इस्त्रीचा शर्ट, खिशाला दोन पेनं, आणि चेहरा असा गंभीर की सात रस्त्याच्या गर्दीतसुद्धा अनोळखी माणसं 'साहेब' म्हणून वाट देतात. या साहेबांच्या काखेतल्या बॅगेत काय, तर टॅब्लेट, आणि टॅब्लेटमध्ये चाचे, भुतं, उडती माणसं आणि बुडती जहाजं. करकंबला एका नातेवाइकाच्या लग्नात पाहुण्यांची भाषणं चालली होती. आमच्याकडे लग्नात भाषणं असतातच, आणि एकदा हातात आलेला माइक कुणाला सोडवत नाही. साडूभाऊ शेवटच्या रांगेत लग्नपत्रिकेआड टॅब्लेट धरून बसलेले. वक्ते म्हणाले, 'आता वधूविषयी दोन शब्द बोलतो,' आणि मागून खणखणीत आवाज आला, 'आरं, बुडाली की रं!' अख्खा मांडव वळून बघायला लागला. बुडाली होती ती कप्तानबाईची होडी, पण हे मुलीच्या बापाला पटवून देता देता माझं जेवण राहिलं.

ही कप्तानबाई म्हणजे त्यांच्या सगळ्यांत लाडक्या मालिकेची नायिका. सहा फूट उंच, एक डोळा बांधलेली, हरवलेल्या धाकट्या भावाला शोधत समुद्र पालथे घालणारी. मालिका इंग्रजी. पण साडूभाऊ ती लेकीला, मिनूला, मोठ्यानं वाचून दाखवायचे, आणि त्यांच्या तोंडून कप्तानबाई बोलायची ते अस्सल आमच्या गल्लीतलं. 'ए बाळ्या, शिडं खाली घे, लई वारं सुटलंय! आन् जेवलास का न्हाय?' मी एकदा खात्री करून घेतली. मूळ चौकटीत जेवणाचा विषयच नव्हता. तसं म्हटल्यावर साडूभाऊ माझ्याकडे अशा नजरेनं बघायला लागले, की मी जणू त्या पोराच्या पुढचं ताट ओढलंय. 'न्हाय लिवलेलं, मान्य हाय. पन विचारायला नको का ओ, पाव्हणं? पोरगं सकाळधरनं दोर वढतंय.' मिनू शाळेत होती तेव्हा हे वाचन सुरू झालं आणि ती नर्सिंग शिकली तरी चालूच राहिलं. माझी थोरली मेहुणी, म्हणजे अक्का, कपाळाला हात लावून म्हणायची, 'एक पोरगी अन् एक पोर, दोन्ही वाढवली मी.'

पूर्वी त्यांच्याकडे छापील कॉमिक्सची पेटी होती. ती वाळवीनं खाल्ली. मग मिनूनं टॅब्लेटवर कॉमिक्सचं ॲप घालून दिलं आणि साडूभाऊंना स्वर्ग दोन बोटं उरला. त्या ॲपची एक खुबी होती. अख्खं पान न दिसता एका वेळी एकच चौकट दिसायची. बोट लावलं की पुढची. 'पुढं काय हाय ते दिसतच न्हाय बघा,' ते मला सांगायचे, 'आयुष्याचं तरी येगळं काय हाय?' त्यावर आतून अक्काचा आवाज यायचा, 'आयुष्यात गॅस संपलाय, टाकी घेऊन या.'

मिनूला जर्मनीत नर्सची नोकरी लागली. ती निघाली त्या सकाळी आम्ही सगळे स्टेशनवर होतो. गाडीला उशीर. अक्का शेंगाचटणीच्या पुड्या बॅगेत कोंबत होती आणि डोळे पुसत होती, तर बाप-लेक बाकड्यावर टॅब्लेटमध्ये डोकं घालून बसलेले. इतक्या भागांनंतर कप्तानबाई एकदाची भावाच्या घरापाशी पोचली होती. चौकटीत बंद दार, आणि कडीवर तिचा हात. तेवढ्यात गाडी आली. मिनू उठली आणि म्हणाली, 'पप्पा, आता हितंच थांबायचं. मी आल्यावर दार उघडू.' साडूभाऊ 'व्हय' म्हणाले. त्यांनी पोरीला दिलेला शब्द तो.

त्यानंतर वर्षांमागून वर्षं गेली. मिनू मध्ये एकदा पंधरा दिवस आली, पण ते दिवस अक्कलकोटच्या आत्यापासून दाताच्या डॉक्टरपर्यंत वाटले गेले आणि दार तसंच राहिलं. साडूभाऊ बाकीची कॉमिक्स वाचायचे. कप्तानबाईची चौकट मात्र रोज संध्याकाळी चहाबरोबर नुसती उघडायची, तिचा कडीवरचा हात बघायचा आणि मिटायची. 'अहो, एक बोट तर लावायचंय,' मी डिवचायचो. 'तुमाला कळायचं न्हाय ते,' म्हणायचे. मला कळत होतं. पोरगी परत येऊन शेजारी बसणार आहे, याचा त्यांच्याकडे तेवढाच एक पुरावा होता.

आणि एक दिवस ते ॲपच गेलं. कंपनीनं म्हणे ते गुंडाळून आपल्या दुसऱ्या मोठ्या ॲपमध्ये ओतलं. आधी सूचना आल्या नव्हत्या असं नाही. भरपूर आल्या होत्या, आणि साडूभाऊंनी प्रत्येक सूचना वाचून मान डोलावून 'नोंद घेतली' म्हटलं होतं. नोंद घेतली की विषय निकालात निघतो, हा त्यांचा कचेरीतला आयुष्यभराचा अनुभव. इथं तो उलटला. नव्या ॲपमध्ये त्यांची कॉमिक्स होती, पण पाककृती, शेअरबाजार आणि 'पोट कमी करा' यांच्या ढिगाऱ्यात. एकेक चौकट दिसायची सोय गेली. आता अख्खं पान एकदम समोर, अक्षरं मुंगीएवढी. दोनदा बोट लावावं तर कप्तानबाईचं नुसतं नाक मोठं व्हायचं. आणि भागांचा क्रम? भाग एक, मग दहा, मग अकरा, मग बारा, आणि बऱ्याच वेळानं दोन. 'एकानंतर धा?' साडूभाऊ म्हणाले, 'कंच्या शाळंत शिकलीत ही माणसं?' हे सगळं त्यांनी पोटात घातलं असतं. पण वाचनाच्या खुणा पुसल्या गेल्या होत्या. सगळे भाग कोरे, कधीच न उघडलेले. कप्तानबाई कुठल्या भागात, कुठल्या पानावर उभी आहे, याचा पत्ता नाही. त्या दिवशी ते जेवले नाहीत, असं अक्कानं मला फोन करून सांगितलं.

मग त्यांनी कंपनीला पत्र लिहिलं. 'विषय: जुने ॲप पूर्ववत करणेबाबत. महोदय, उपरोक्त विषयास अनुसरून...' शेवटी आवक क्रमांक कळवण्याची विनंती. उत्तर ताबडतोब आलं: आपला अनुभव आमच्यासाठी मोलाचा आहे, आपलं म्हणणं संबंधितांकडे पाठवण्यात आलं आहे. साडूभाऊंनी ते दोनदा वाचलं आणि भिंतीला टेकून बसले. 'पाव्हणं, हे आमचंच उत्तर हाय की ओ. शब्दान् शब्द. जलमभर मी हेच दिलंय लोकांला.' ज्यानं आयुष्यभर हे उत्तर दिलं, त्याला त्याचा अर्थ सांगायची गरज नव्हती.

राहिला एकच मार्ग, पानं उलटून शोधायचं. पण त्यातही गोम होती. आता अख्खं पान दिसणार म्हटल्यावर, दाराची चौकट सापडली की दारामागचंही त्याच पानावर दिसायचं. शब्द मोडणार. म्हणून एका रविवारी मला बोलावणं आलं. 'तुमाला त्या बाईचं काय पडलेलं न्हाय, तवा तुमीच शोधा.' मी टॅब्लेट घेऊन बसलो आणि साडूभाऊ स्वतःच्याच घरात भिंतीकडे तोंड करून. तिथूनच चौकशा. 'दाढीवाला मेला का? न्हाय? मग अजून लई लांब हाय.' 'वादळ झालं का? झालं? आता हळू, हळू!' हसू आवरता आवरता मला एकदाचं ते पान सापडलं. वर दार, कडीवर हात. खाली उघडलेलं दार. मी बघितलं आणि हसायचा थांबलो. खोली रिकामी होती. एक खाट, खुंटीला एक टोपी, आणि माणूस नाही. एवढी वर्षं हा माणूस या दारापाशी थांबला तो ह्यासाठी? मला फार वाईट वाटलं. 'तोंडावर काय बी दावू नका!' साडूभाऊ ओरडले आणि पाठमोरेच, चाचपडत आले. पानाच्या खालच्या अर्ध्यावर त्यांनी एक जुनी लग्नपत्रिका ठेवली आणि चिकटपट्टीनं काचेला चिकटवून टाकली. अक्का म्हणाली, 'घ्या, आता टॅब्लेटलाबी ठिगळ.'

तासाभरानं मिनूचा व्हिडिओ कॉल आला. साडूभाऊंनी जयभीमसुद्धा न घालता टॅब्लेट मोबाइलसमोर नाचवला. 'सापडलं गं! हे बघ, दार! झाकून ठिवलंय, घाबरू नको.'

मिनू हसली. मग तिचं हसू विरलं. 'पप्पा... तुमी अजून तितंच हाय?'

'मग? शब्द दिलाय की.'

ती पडद्यावरून बाजूला झाली. मला वाटलं, लाइन गेली. मग म्हणाली, 'पप्पा, मी वाचलं सगळं. कवाच. हितं आल्यावर पहिल्याच थंडीत. दुपारीच अंधार पडायचा, बोलायला कुणी न्हाय. एका दिवसात शेवटापर्यंत वाचून काढलं. तुमाला सांगायचा धीरच झाला न्हाय.'

अक्कानं माझ्याकडे बघितलं, मी पंख्याकडे. साडूभाऊंनी टॅब्लेट मांडीवर पालथा घातला आणि शर्टाच्या खिशातली पेनं सारखी केली. त्यांचा चेहरा बघवत नव्हता. शेवटी म्हणाले, 'चांगलं झालं. तुला सोबत झाली.'

'कसली सोबत?' मिनू रडायलाच लागली. 'इंग्रजीत ती बाई परकीच वाटली मला. आरं म्हनेना, कारं म्हनेना. मला काय गोडी लागली न्हाय. तुमी वाचा की, पप्पा. उघडा दार. मी हाय हितं.'

साडूभाऊंनी चष्मा पुसला. चिकटपट्टी अशी सावकाश काढली, की मला वाटलं पत्रिका आता परत वापरायचीय. खालची रिकामी खोली ते बघत राहिले. मी त्यांच्याकडे बघायचं टाळलं. मग घसा खाकरून, गल्लीत ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं, त्यांनी कप्तानबाईच्या आवाजात हाक घातली. 'आरं, कुणी हाय का आत? म्या आलेय!'

त्या दिवशी दोघांनी चारच पानं वाचली. मिनूला ड्यूटीवर जायचं होतं. आता दर रविवारी वाचन असतं. कामाच्या रगाड्यात महिना महिना न होणारा फोन आता रविवार चुकवत नाही. नव्या ॲपला साडूभाऊंच्या शिव्या मात्र चालूच आहेत, किंबहुना वाढल्यात. परवा मी गेलो तेव्हा वाचन रंगात आलं होतं. मी हळूच विचारलं, 'किती राहिलंय?' त्यांनी मोबाइलवर तळहात ठेवला आणि कुजबुजले, 'तीनच भाग ओ. पुढं काडलेच न्हाईत त्येनी.' हात काढल्यावर पलीकडून मिनू म्हणत होती, 'पप्पा, पान उलटा की.'

'उलटंना गं,' साडूभाऊ म्हणाले. 'हे नवं ॲप लई भिकार हाय. ऱ्हाऊ दे, आता फुडच्या रविवारी बघू.' मी शेजारीच बसलो होतो. टॅब्लेट त्यांच्या मांडीवर होता आणि दोन्ही हात पाठीमागे.