अकरा मिनिटांचा पंखा

"दुरुस्त होत नाही असं कंपनी म्हणते, पंखा म्हणत नाही," असं देवाप्पा एकदा एका गिऱ्हाइकाला म्हणाला होता. निपाणीहून बंगळूरच्या येलहंका भागात येऊन त्याला एकतीस वर्षं झाली. दुकान जेमतेम दोन माणसं उभी राहतील एवढं. लोकांनी टाकून द्यायला काढलेले टेबल फॅन तिथं येत आणि फिरू लागत. पद्धत ठरलेली. पंखा लावायचा, मोटरवर तळहात ठेवायचा आणि गिऱ्हाईक स्वतः "सरी", म्हणजे ठीक आहे, असं कानडीत म्हणेपर्यंत गप्प उभं राहायचं. त्याआधी पंखा दुकानाबाहेर जात नसे.

पुण्याहून बंगळूरला आलेली शलाका कोरमंगल्यात राहायची. तिनं आपला जळका पंखा त्याच्याकडे आणला आणि तीन दिवस दुरुस्तीचं शूटिंग केलं. फिल्म जरा वेगळी होणार, म्हणाली. बोलणं नाही, चेहरा नाही, नुसते हात.

फिल्म दाखवायच्या दिवशी देवाप्पा बायकोला, कस्तुराबाईला, घेऊन गेला. पडद्याशेजारी तोच पंखा चौथऱ्यावर मांडला होता. अकरा मिनिटं पडद्यावर तांब्याची तार गुंडाळली जात होती. नखांतलं ग्रीससुद्धा दिसत होतं. शेवटी हात बटणाकडे गेला आणि अंधार झाला. अंधारात अक्षरं उमटली : दुरुस्ती, देवाप्पा. टाळ्या पडल्या.

"नाव आलं की ओ तुमचं," कस्तुराबाई कुजबुजली. "पंखा तेवढा मेलाय."

देवाप्पा उठून शलाकाकडे गेला.

"अक्का, पंखा फिरला होता की. तूच सरी म्हणालीस."

"हो अण्णा. पण फिरताना दाखवला असता तर जाहिरात वाटली असती. फिरेल की नाही, हाच तर फिल्मचा प्रश्न आहे."

"तुझा असेल. त्याच्याखाली माझं नाव कशाला?"

"फिल्म फेस्टिव्हलला गेलीसुद्धा. आता नाही बदलता येणार."

"म्हणजे गावोगाव दाखवणार, देवाप्पानं काम अर्धवट सोडलं म्हणून."

"लोकांना ते सुंदर वाटलं, अण्णा."

"सुंदर वाटायला मी काय मेलोय?"

चौथऱ्यावर 'हात लावू नये' अशी पाटी होती. देवाप्पानं ती बाजूला सारली, वायर ओढत भिंतीपर्यंत नेली आणि बटण दाबलं. पाती फिरली. खुर्च्यांवरचे कागद उडाले, पडदा हलला, पडद्यावरचं नावही हललं.

"अण्णा, बंद करा ना. लोक बघतायत."

"बघू देत."

मोटरवर तळहात ठेवून तो लोकांकडे तोंड करून उभा राहिला. कुणी हसलं, कुणी मोबाईल उचलला. तो हलला नाही. हळूहळू कुजबुज थांबली, नुसत्या पंख्याचा आवाज उरला. मग, जणू 'सरी' ऐकल्यासारखा, त्यानं हात काढला आणि पंखा तसाच चालू ठेवून, शलाकाकडे न बघता तो बाहेर पडला.